गोजराची कढी

फार वर्षांपूर्वी, जाखाईच्या देवळावर कौलंसुद्धा चढली नव्हती, नुसतं गवतानं शाकारलेलं छप्पर होतं, त्या काळी हिवरदऱ्यात गोजरा नावाची बाई राहायची. नवरा लवकर गेला होता, पोरबाळ नव्हतं. घरात एक म्हैस, एक रवी आणि हाताला चव. तिच्यासारखी कढी पंचक्रोशीत कुणाला जमत नव्हती, असं म्हणतात.

कढी दिसायला चारचौघींच्या कढीसारखीच. ताक, डाळीचं पीठ, हळद, हिंग, कढीलिंब. पण गोजरानं ती पळसाच्या द्रोणात घालून माणसाच्या हातात दिली की त्या माणसाच्या मनातलं कढीत उतरायचं. माणूस रागावलेला असला की गार कढीही उतू जायची. दुःखात असला की मिठाचा खडा न टाकता खारट लागायची. आनंदात असला की दाट आणि पिवळीधमक. आणि पोटात भीती असली की फुटायची, पाणी वेगळं आणि चोथा वेगळा. असं का व्हायचं ते गोजरालाही सांगता यायचं नाही. कुणी म्हणे रवी उंबराची होती म्हणून, कुणी म्हणे म्हैस देवीच्या माळावर चरायची म्हणून. मला विचाराल, तर एकटी बाई रोज ताक घुसळताना त्याच्याशी मनातलं बोलायची. ताकाला ऐकायची सवय लागली असणार.

गावाची मोठी सोय झाली. सून गप्प गप्प असली की सासू तिला कढी प्यायला गोजराकडे धाडायची आणि मागून स्वतः डोकावायला जायची. एकदा एक गृहस्थ आत्या वारल्याचं सांगत, डोळे पुसत आले. त्यांच्या हातातली कढी अशी काही पिवळी झाली की ओट्यावरच्या बायका पदर तोंडात धरून हसल्या. आत्याला मूलबाळ नव्हतं आणि तिची जमीन बरी होती.

होता होता गोजराला थोडा ताठा आला. "माझी कढी खोटं बोलत न्हाई," असं ती येता-जाता म्हणायला लागली. तेवढं खरंच होतं. चूक पुढे झाली.

एका वर्षी जत्रा आठ दिवसांवर आली असताना जाखाईचे चांदीचे डोळे नाहीसे झाले. गाव हादरलं. नेमका त्याच आठवड्यात राणू नावाचा मेंढपाळ शिवेवर तळ ठोकून होता. त्याची बायको ठकू दिवस भरलेली, म्हणून त्याला पुढे सरकता येत नव्हतं. परका माणूस, खांद्यावर घोंगडी, मागे मेंढरं. चोर शोधायला गावाला फार लांब जावं लागलं नाही. तुळाजी पाटलांनी पंच बसवले आणि ठरलं, राणूला कढी द्यायची. फुटली तर तोच चोर. मग मेंढरं काढून घ्यायची आणि दोघांना दिवस मावळायच्या आत खिंडीपलीकडे हाकलायचं, बाई कळा देत असली तरी.

गोजराला सांगावा आला तेव्हा तिला अभिमान वाटला. खोटं कशाला सांगू, वाटलाच. तिनं मोठं पातेलंभर कढी केली, देवळापुढे आणली आणि राणूच्या हातात द्रोण दिला. बघता बघता कढी फुटली.

"झालं," पाटील म्हणाले. "आता आनखी काय इचारायचं?"

गोजरा द्रोणाकडे बघत राहिली. मग तिला राणूच्या मागे बसलेली ठकू दिसली, दोन्ही हात पोटावर धरलेली. माणूस भ्यालाय, एवढंच कढीनं सांगितलं होतं. चोर हा शब्द गावानं त्यात घातला होता, आणि पळी तिच्या हातात होती.

"वाईच थांबा," ती म्हणाली. तिनं स्वतःसाठी द्रोण भरून घेतला. त्यातली कढीही फुटली. तिनं तो सगळ्यांपुढे धरला. "म्या तर देवीचं डोळं चोरलं न्हाईत. मग माझी का फुटली?"

तिनं आणखी एक द्रोण भरला आणि पाटलांपुढे केला.

"आता तुमी घ्या, पाटील."

"अगं, मी पाटील हाय गावचा!"

"म्हनून तर तुमी आधी."

नाही म्हणावं तर गाव बघत होतं. पाटलांनी द्रोण घेतला. त्यांची कढी अशी फुटली की द्रोणाच्या काड्या निसटून पाणी धोतरावर आलं, असं म्हणतात. एवढ्या मोठ्या माणसाला कसली भीती, हे विचारायची कुणाची छाती झाली नाही. मग पंचांनी घेतली, देवीची पूजा करणाऱ्या भिवा गुरवानं घेतली, बायाबापड्यांनी घेतली. आपली फुटली तर काय, या धास्तीनं प्रत्येकाची फुटली. एकही द्रोण धड राहिला नाही.

"भ्या म्हंजे चोरी न्हवं," गोजरा म्हणाली. "जे कढीला ठाव न्हाई ते तुमी तिला इचारलं, आन म्या इचारू दिलं. चुकी माझी हाय."

अजून कुणी कढी तोंडाला लावली नव्हती. गोजरानं द्रोण गोळा करून पातेल्यात परत ओतायला सुरुवात केली. पहिला राणूचा. एकाच्या हातचं दुसऱ्याला न चालण्याचे ते दिवस.

"अगं, बाटंल की समदं!" भिवा गुरव ओरडला.

तिनं त्याच्याही हातातला द्रोण काढून घेतला, ओतला आणि पळीनं ढवळू लागली. फुटलेली कढी पुन्हा जुळत नाही, हे चुलीपुढे बसणारी कुणीही सांगेल. त्या दिवशी जुळली. गोजरानं आधी राणूला आणि ठकूला वाढली, मग सगळं गाव जेवलं. पाटलांनी दोनदा मागून घेतली.

डोळे चौथ्या दिवशी सापडले. जत्रेसाठी भिवानं देवीचा जुना शेंदूर खरवडून काढला होता, त्या खपल्यांबरोबर डोळेही निर्माल्याच्या खड्ड्यात गेले होते. कोंबड्या उकरत होत्या तेव्हा चमकले. तोवर ठकूला देवळाच्या पडवीत मुलगी झाली होती. भिवानं राणूचे पाय धरले आणि पुढे कुणी शिळ्या कढीला ऊत आणला नाही.

गोजरानं पुन्हा कुणाची पारख करायला कढी केली नाही. ती गेल्यावर तिची रवी जाखाईच्या गाभाऱ्यात टांगली, ती अजून तिथंच आहे.

आजही हिवरदऱ्यात बांधाचं भांडण असो की भावकीचं, बोलणी सुरू व्हायच्या आधी सगळ्यांना कढी देतात. पहिला द्रोण निवाडा करणाऱ्यानं घ्यायचा आणि दुसऱ्याच्या द्रोणात कुणी बघायचं नाही, असा रिवाज आहे. आता ती गॅसवर होते, मनातलं काही सांगत नाही. तरी एखाद्या दिवशी कुणाच्या द्रोणातली फुटलेली निघतेच. मग तो माणूस आपणच द्रोण पुढे करतो, त्याला कुणी काही विचारत नाही. गोजराचं नाव घेऊन त्याचा द्रोण पातेल्यात परत ओततात, चांगलं ढवळतात आणि आधी त्यालाच वाढतात.