झुपलीची संध्याकाळ

एवढीशी एक खार होती. नाव तिचं झुपली. राहायची चिंचेच्या ढोलीत.

भर दुपारी आई म्हणाली, "झुपे, दाणे आणायला जाते गं. संध्याकाळ झाली की येते हं."

आई गेली. झुपलीनं वाट बघितली. खूप खूप वाट बघितली. दुपार काही सरेना! ऊन तिथंच. सावली तिथंच. संध्याकाळ गेली कुठं? झुपलीला रडूच आलं.

आता संध्याकाळ विणतं कोण? टेकडीवरची अंबूकाकी. मोठा थोरला माग तिचा. खटक खट, खटक खट! सकाळ तिनं विणायची, दुपार तिनं विणायची, संध्याकाळही तिनंच. आणि विणायची कशी? डोळे मिटून! कान देऊन! आवाज आला की धागा सरकला.

झुपली निघाली. तुरु तुरु तुरु.

"काकी काकी, वीण ना! संध्याकाळ होईना, आई माझी घरी येईना!"

काकी म्हणाली, "विणू कशी, बाई? गायीची घंटा वाजली, की मी विणते. आधी नाही."

झुपली गेली गायीकडे. तुरु तुरु तुरु. गाय आपली बसलेली. रवंथ चाललेलं.

"गाई गाई, घंटा वाजव ना! काकी विणेना, संध्याकाळ होईना, आई माझी घरी येईना!"

गाय म्हणाली, "आजाचा पावा वाजला, की मी उठते. आधी नाही."

झुपली गेली गुराखी आजाकडे. तुरु तुरु तुरु. धोंडूआजा पाय पसरून बसलेला. पावा मांडीवर.

"आजा आजा, पावा वाजव ना! गाय उठेना, काकी विणेना, संध्याकाळ होईना, आई माझी घरी येईना!"

आजा म्हणाला, "पिंपळ सळसळला, की मी वाजवतो. आधी नाही गं पोरी."

झुपली गेली पिंपळाकडे. तुरु... तुरु... पाय दुखायला लागले बिचारीचे.

"पिंपळा पिंपळा, सळसळ ना! आजा वाजवेना, गाय उठेना, काकी विणेना, संध्याकाळ होईना, आई माझी घरी येईना!"

पिंपळ म्हणाला, "रातकिडा किर्र म्हणाला, की मी सळसळतो. आधी नाही."

झुपली गेली रातकिड्याकडे. तुरु... तु... रु. रातकिडा दगडाखाली. तोंड फिरवून बसलेला.

"रातकिड्या रातकिड्या, किर्र कर ना! पिंपळ हलेना, आजा वाजवेना, गाय उठेना, काकी विणेना, संध्याकाळ होईना, आई माझी घरी येईना!"

रातकिडा म्हणाला, "नाही म्हणजे नाही! काल माझा सूर वाकडा लागला. काकीची संध्याकाळच वाकडी झाली. सगळे मला हसले. पहिला आवाज मी काढत नाही. दुसरं कोणी काढलं, की मी काढतो. आधी नाही."

झुपलीनं इकडे बघितलं. तिकडे बघितलं. दुसरं कोणीच नव्हतं.

आता जायचं कुणाकडे?

कुणाकडेच नाही.

झुपली मातीत बसली. आता संध्याकाळ व्हायची नाही. आई यायची नाही. कधीच यायची नाही. झुपलीला फार फार वाईट वाटलं. ती रडायला लागली.

"चिर्रीक्... चिर्र... चिर्रीक्!"

हुंदका मध्ये, सूर वर, सूर खाली. काही धड नाही.

रातकिड्यानं दगडाखालून डोकं काढलं. "अगं, किती वाकडा सूर हा! तुला कोणी हसलं तर?"

"हसू दे," झुपली म्हणाली. "मला माझी आई हवी."

रातकिडा दगडाखालून बाहेर आला. मग त्यानं हळूच पंख घासले.

किर्र!

किर्र ऐकून पिंपळ हलला. सळसळ सळसळ!
सळसळ ऐकून आजानं पावा फुंकला. पी पी पी!
पावा ऐकून गाय उठली. किणकिण किणकिण!
घंटा ऐकून काकीचा हात चालला. खटक खट, खटक खट!

"हा कुठला गं धागा?" काकी पुटपुटली. "ओला लागतोय." पण तोही तिनं विणला.

ऊन उतरलं. सावली लांब झाली. आभाळ लाल झालं. संध्याकाळ झाली!

झुपली घरी निघाली, तुरु तुरु तुरु. आणि चिंचेखाली आई! गालात दाणेच दाणे. झुपलीला बघून तिनं सगळे दाणे टाकून दिले.

"झुपे, काय झालं माझ्या सोन्याला?"

झुपली पळत गेली. आईच्या पोटात तोंड खुपसलं. आणि पुन्हा रडली. आता मात्र पोटभर.

सूत सरलं, कापड झालं,
आईपाशी बाळ आलं.