करवंदीच्या जाळीतली डहाळी

एकदा एक वृद्ध चित्रपटकार आपल्या शिष्येसह डोंगरउतारावरच्या एका करवंदीच्या जाळीसमोर मुक्काम ठोकून बसले होते. त्यांचे चित्रपट विलक्षण संथ असत. त्यांत ना संगीत, ना निवेदन. एखादं झाड, एखादा ओढा, आणि त्यांच्याकडे पाहत बसलेला कॅमेरा. प्रेक्षक अर्ध्यातून उठून जात. गुरूंना त्याचं काही वाटत नसे, शिष्येला मात्र फार वाटे.

जाळीत बुलबुलाच्या जोडीचं घरटं होतं. पण नेमकी एक पानांची डहाळी मध्ये येई. सतरा दिवसांच्या चित्रीकरणात दिसलं काय, तर हलणारी पानं आणि क्वचित एखादी शेपटी. अंड्यांतून पिल्लं बाहेर आली, हेही आवाजावरूनच कळलं. ती डहाळी छाटू या, असं शिष्येने दोनदा सुचवून पाहिलं. गुरूंनी नुसती नकारार्थी मान हलवली, कारण सांगितलं नाही. इथे त्यांचंही चुकलंच, असं मला वाटतं.

एके दिवशी गुरू औषधं आणायला गावात गेले. कॅमेरा चालूच होता. शिष्येने पुढे होऊन कात्रीने ती डहाळी छाटली. दुपारभर तिला पिल्लांच्या उघड्या चोची आणि चारा भरवणारी आई लख्ख दिसत राहिली. तिचा आनंद गगनात मावेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच फटीतून भारद्वाज आत शिरला. ज्याचं दर्शन आपण शुभ मानतो, तोच. शिष्या धावत पोहोचेपर्यंत तिन्ही पिल्लं संपली होती. आई चोचीत अळी घेऊन दोन दिवस रिकाम्या घरट्याशी येत राहिली, आणि कॅमेरा तेही टिपत राहिला.

गुरूंनी तिला एका शब्दाने बोल लावला नाही. पण संकलनाला बसल्यावर त्यांनी पिल्लांची ती लख्ख दृश्यं तेवढी काढून टाकली. शिष्या चक्रावली. सबंध चित्रपटात पाहण्याजोगं तेवढंच होतं.

ती म्हणाली, "तीन जीव गेले गुरुजी. निदान त्यांचे चेहरे तरी राहू द्या."

गुरू म्हणाले, "ते चेहरे आपल्याला दिसले, म्हणूनच भारद्वाजाला दिसले. त्याचा दोष नाही, त्यालाही पोट आहे. ती डहाळी आपल्याला आडकाठी वाटली, पण पिल्लांचं तेवढंच छप्पर होतं. हे दृश्य पाहून लोक टाळ्या वाजवतील, आणि उद्या आपापल्या परसातलं घरटं पाहायला एकेक डहाळी बाजूला सारतील. काही गोष्टी दिसत नाहीत, म्हणूनच जगतात."

डहाळी छाटणारा हातही कॅमेऱ्यात आला होता. तो ठेवायचा की काढायचा, हे त्यांनी तिच्यावर सोपवलं. ती दिवसभर पडद्यासमोर बसून होती. संध्याकाळी तिने तो तसाच ठेवला.

चित्रपट दाखवला गेला. कितीतरी वेळ पानं, मग एक हात, मग भारद्वाज, मग रिकामं घरटं. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मागच्या रांगेतून एका बाईंनी जरा रागानेच विचारलं, की तो हात कोणाचा होता?

गुरू खाली मान घालून बसून राहिले. शिष्या उभी राहिली आणि म्हणाली, "माझा."