उंबरझरीचा कोरडा देव

उंबरझरी गावाखालच्या ओढ्यात, गावाकडच्या दरडीच्या पायथ्याशी, एक काळा दगड पडून आहे. बसलेल्या बैलाएवढा. एक अंग घासून गुळगुळीत केलेले, बाकीचे ओबडधोबड. दरवर्षी मृगाआधी त्याच्यावर पळसाच्या पानांचे छप्पर चढते. गावातले लोक त्याला कोरडा देव म्हणतात. त्याला शेंदूर नाही, बेल नाही, दिवा नाही. पाणी तर कोणी घालतच नाही.

दरडीवर, हाकेच्या अंतरावर महादेवाचे देऊळ आहे. खांब, मंडप, शिखर, सगळे पुरे आहे. गाभारा मात्र रिकामा आहे.

अलीकडे एका दिवसात जुनी देवळे दाखवणाऱ्या गाड्या इकडे येतात. सकाळी तालुक्याचे कोरीव देऊळ, दुपारी बारव, आणि परतीच्या वाटेवर उंबरझरी. तोवर माणसे दमलेली असतात. केरबा गुरव त्यांना आधी देऊळ दाखवतो, मग ओढ्यात उतरवतो. त्याचे वय झाले आहे, पण काठी तो चालायला वापरत नाही.

एकदा एका पाहुण्याने त्याला विचारले, "गुरवबाबा, गाभाऱ्यात देवच नाही. मग तुम्ही रोज करता काय?"

"झाडतो," केरबा म्हणाला.

त्याच गाडीतल्या एका बाईने दगड पाहून हात जोडले आणि पाण्याची बाटली उघडली. केरबाने मध्ये काठी आडवी धरली.

"बाई, पाणी नको."

"अहो, महादेवच ना? थोडंसं घालते."

"थोडंसंबी नको. तहान लागली असंल तर तुम्ही प्या."

बाईला राग आला. केरबाने तिकडे लक्ष दिले नाही. त्याने सगळ्यांना दरडीच्या सावलीत बसवले आणि नेहमी सांगतो ते सांगितले.

फार मागची गोष्ट आहे म्हणे. उंबरझरीत तेव्हा दुष्काळ होता. पाऊस एकदा चुकला, दुसऱ्यांदा चुकला. उंबराखालचा झरा, ज्याच्यावरून गावाला नाव पडले, तो आटला. देऊळ तेव्हा नुकतेच पुरे झाले होते. राहिली होती ती पिंड. गाव बोलू लागले की देवाला घर बांधून बाहेर ठेवला, म्हणून पाऊसही बाहेरच राहिला. देव आत बसला की आभाळ भरून येईल.

पिंडीचा दगड काळखड्याच्या डोंगरातून आणायचा होता. तो आणणारा माणूस गावात एकच, हैबती पाथरवट. देऊळही त्याच्याच हाताचे. शब्दाचा पक्का, आणि शब्दाचा गर्वही तेवढाच. त्याने गावासमोर देवळाच्या उंबऱ्यावर हात ठेवला आणि सांगितले, "देव ह्या उंबऱ्याच्या आत जाईस्तोवर मी माझ्या घराचा उंबरा वलांडणार न्हाई."

त्या दिवसापासून तो अंगणात लिंबाखाली झोपू लागला. त्याची बायको साळू दारातून भाकरी बाहेर द्यायची. साळूला मूल नव्हते. तोंड फटकळ होते. पहिल्या दिवशी भाकरी देताना ती म्हणाली, "बरं झालं. घोरण्याचा जाच तरी गेला." हैबती हसला. तो सहसा हसत नसे, असे सांगतात.

दगड आणायची हैबतीच्या घराण्याची एक रीत होती. दगडाचे एक अंग घासून गुळगुळीत करायचे, वाटेवर चिकणमाती पसरायची, तिच्यावर पाणी मारायचे आणि अंबाडीचे दोर लावून दगड त्या ओलीवरून ओढत न्यायचा. खाली लाकूड घालायचे नाही.

पाटील म्हणाला, "हैबती, दुष्काळ हाय. ओढ्याकाठच्या बाभळी तोडू. दगडाखाली वंडके घालून गडगडवत आणू. पाणी तरी वाचंल."

"लाकडावर मढं जातं, पाटील. देव वल्या वाटंवरनं येतो. माझ्या बापानं तसाच आणला, आज्यानं तसाच आणला."

"तुझ्या बापाच्या येळी वढा वाहत हुता."

"मग दुसरा पाथरवट बघा."

दुसरा नव्हता. बाभळी उभ्या राहिल्या.

ओढणीला अख्खा गाव लागला. पुढे बैल, बैलांमागे गडी, आणि दोन्ही अंगांनी बाया घागरी घेऊन. साळूही त्यांच्यात होती. आधी ओढ्यातल्या डबक्यांचे पाणी वापरले. ती संपल्यावर विहिरीचे काढू लागले. ऊन असे की घागर ओतली की माती ती लगेच पिऊन टाकी. दगड हातभर सरके. पुन्हा घागर, पुन्हा हातभर. गडी थट्टा करत, "हैबतीदादा, देव पायी आला असता तर आत्तापातूर पोचला असता की!" हैबती एवढेच म्हणे, "वढा."

बायांना रात्रीला घरी न्यायला तांब्याभर पाणी मिळे. साळू आपला तांब्या हैबतीच्या हातात देई आणि सांगे की मी पिऊन आले. तो पीत असे. त्याने तिला खरे कधी विचारले नाही. कामात त्याचे डोके दुसरे काही धरत नव्हते.

दगड ओढ्यात उतरला तेव्हा विहिरीत बुडाचा चिखल दिसू लागला होता. पलीकडे देऊळ दिसत होते. मध्ये उरली होती फक्त ही दरड.

हैबती दरडीपाशी गेला. त्याने मूठभर माती ओली करून चढावर थापली आणि बोटाने रेटून पाहिली. माती घसरून खाली आली. सपाट वाटेवर जी ओल दगडाला पुढे नेते, तीच चढावर त्याला मागे आणणार, हे त्याला त्या वेळी कळले. बापाने, आजाने जे देव आणले ते सगळे सपाटीवरून आणले होते. चढाला लाकूडच हवे होते. पण लाकडाला तो गावासमोर नाही म्हणाला होता. त्याने हात धोतराला पुसला आणि हे कोणाला सांगितले नाही.

पाटील खाली आला. त्याचे ओठ फुटले होते.

"हिरीत हाय ते एवढंच, हैबती. जपून वापरलं तर गाव थोडे दिस जगंल. न्हाईतर हितं दरडीवर घालू. काय करायचं ते तू सांग. तुझा शब्द हाय."

साळू त्या दिवशी कामावर नव्हती. सकाळपासून तिच्या अंगात ताप होता. दारात बसून तिने भाकरी दिली होती, उठून दिली नव्हती. हैबतीला ते आठवले. पण त्याला हेही वाटले की देव आज आत गेला तर संध्याकाळी पाऊस येईल. मग साळू अंगणात उभी राहून ओंजळीने पिईल. आणि आपण आपल्या घरात जाऊ.

"घाला," तो म्हणाला.

विहीर खरवडून आणली. घराघरांतून उरलेसुरले आणले. हैबतीची शेजारीण एक कळशी घेऊन आली. तिच्या काठाला पोचा होता. कळशी साळूची होती. शेजारीण म्हणाली, "साळूबाईनं दिली. म्हणली, माझ्यापायी देव अडायला नको." आणि तिने ती दरडीवर ओतली. हैबती बघत होता. हात वर करून थांब म्हणायला फार वेळ लागला नसता.

त्याने आरोळी दिली. बैलांनी मान खाली घालून जोर लावला, गड्यांनी टाचा रोवल्या. दगड चढू लागला. पाव दरड चढला, अर्धी चढला. वरून म्हातारी माणसे महादेवाचे नाव घेत होती. मग माती सुटली. सगळा चढ पाण्याने ढिला झाला होता. तो दगडासकट खाली बसला. दोर तुटले. एका बैलाचा पाय गेला. दगड पायथ्याला येऊन पडला, तो आता जिथे आहे तिथे.

माणसे त्या ओल्या दरडीकडे बघत उभी होती. काही बाया खाली वाकून चिखलात पदर बुडवू लागल्या.

हैबती घराकडे गेला. उंबऱ्यापाशी थांबला. आत अंधारात साळू घोंगडीवर पडली होती.

"चढला का देव?" तिने विचारले.

हैबती खोटे बोलणारा माणूस नव्हता. "न्हाई," तो म्हणाला.

"मग आत येऊ नगा."

तो उंबऱ्याबाहेर बसला. तिने पाणी मागितले. घरात पाणी नव्हते. तो उठला, दरडीवर धावत गेला, चिखलात आपले पागोटे बुडवले आणि ते घेऊन परत आला. शेजारणीने ते दारातून घेतले आणि साळूच्या तोंडावर पिळले. पागोट्यातून गढूळ दोन थेंब आले. ते गालावरून खाली गेले. साळू तोवर गेली होती.

तरीही तो आत गेला नाही. तिला बाहेर आणली तेव्हाच त्याने तिचा चेहरा पाहिला. तिला जाळायला लाकूड पाहिजे होते. पाटलाने ओढ्याकाठच्या बाभळी तोडायला माणसे लावली. हैबती तिथेच होता. त्याने या वेळी कोणाला अडवले नाही.

मग गाव फुटले. जिकडे पाणी आहे असे कानावर आले, तिकडे माणसे निघाली. वाटेत किती मेली याची मोजदाद कोणी केली नाही. पाटील शेवटी निघाला. तो हैबतीजवळ येऊन म्हणाला, "चल माझ्यासंगं. झालं ते झालं. तुला कोण काय बोलनार न्हाई."

"मी बोलायला पायजे हुतं," हैबती म्हणाला. "तवाच बोलायला पायजे हुतं, पाटील. तुमी इचारलंत. सांगायला पायजे हुतं."

पाटलाने खांद्यावरचे गाठोडे सावरले. तो गेला.

हैबती ओढ्यात येऊन दगडाजवळ बसला. काय खाल्ले, काय प्याला, देव जाणे. गुराखी लांबून जाताना त्याला पाहत. तो दगडाशी बोलत नव्हता, त्याला हात लावत नव्हता. समोर बसलेला असे.

आणि एके दुपारी आभाळ भरून आले. देव आत बसलेला नव्हता, गाभारा रिकामा होता, गावात चूल पेटत नव्हती, तरी पाऊस आला. तो पिंडीसाठी आला नाही आणि पिंडीवाचून अडला नाही. डोंगराच्या कड्यावर दोन गुराखी आडोशाला उभे होते. त्यांनी पाहिले ते पुढे सांगितले.

पाऊस लागताच हैबती उठला. त्याच्याजवळ साळूची घोंगडी होती, तिला बाहेर आणताना तिच्याखाली असलेली. ती त्याने दगडावर टाकली. वाऱ्याने ती उडू लागली तशी त्याने चारी टोकांवर धोंडे ठेवले. मग स्वतः तिच्यावर पालथा पडला, दोन्ही हात पसरून. तो ओरडत होता, ते कड्यापर्यंत ऐकू गेले म्हणे.

"तिला घोटभर न्हाई मिळालं! तुलाबी थेंब मिळायचा न्हाई!"

गुराख्यांनी हाका मारल्या, ओढ्याला पाणी येतंय, वर ये. तो उठला नाही. डोंगराचे पाणी लाल होऊन उतरले आणि ओढ्याच्या दोन्ही काठांना लागले. ते ओसरले तेव्हा दगड तिथेच होता. हैबती नव्हता. घोंगडीही नव्हती. पुढे दोन्हींपैकी काहीच कोणाला सापडले नाही.

वर्षा-दोन वर्षांनी गावातली काही माणसे परतली. पाटील त्यांत होता. दगड वर न्यायचे कोणी नाव काढले नाही. मृग लागायच्या आधी पाटलाने स्वतः पळसाची पाने तोडून आणली आणि दगडावर छप्पर घातले. पुढच्या वर्षी दुसऱ्याने घातले. तेव्हापासून घरोघरी पाळी लागली.

केरबा इथे थांबतो. पाहुणे बहुतेक उठून गाडीकडे निघतात. पण त्या दिवशी एक जण म्हणाला, "दरवर्षी पानं कशाला? एकदाच सिमेंटचा स्लॅब टाका ना."

"हैबतीनं घोंगडी टाकली हुती," केरबा म्हणाला. "स्लॅब न्हवता टाकला."

ज्या बाईने बाटली उघडली होती तिने विचारले, "पण बाबा, देव म्हणून याला कधी बसवलाच नाही. घडवलासुद्धा नाही. मग हा देव कुठं आहे? शिक्षा तुम्ही करता कुणाला?"

केरबा काठी उचलून उठला. गाडीने दोनदा भोंगा वाजवला. बाईने बाटलीला झाकण लावून ती पिशवीत टाकली आणि ती दरड चढू लागली.

आजही मृगाआधी, ज्या घराची पाळी असेल ते घर रानात जाऊन पळसाची पाने आणते. ती शिवून, मेढी रोवून छप्पर घालते. ते पाऊसभर टिकत नाही. पहिल्या जोराच्या सरीला गळू लागते आणि ओढ्याला पाणी आले की मेढींसकट वाहून जाते. एकाही वर्षी दगड कोरडा राहिलेला नाही. हे गावात सगळ्यांना ठाऊक आहे. छप्पर गेले की ते बघायला ओढ्यात कोणी उतरत नाही, आणि पुढच्या वर्षी पाळी कोणाची, हे कोणी विसरत नाही.