मातीचं बोळकं शेवटी का?

फार पूर्वी डोंगराच्या कुशीत एक गाव होतं. गावात सगळं होतं, फक्त वैद्य नव्हता. तो दर अमावस्येला घाट चढून यायचा, देवळाच्या ओट्यावर बसायचा आणि वाटेत वाघाचं भय म्हणून दिवस मावळायच्या आत निघून जायचा. ज्याला औषध हवं, त्यानं आपलं भांडं ओट्यावर ठेवायचं. भांड्यांची रांग कारभारी लावायचे. वैद्य खाली मान घालून पहिल्या भांड्यापासून सुरुवात करायचा.

रांगेचा नियम वाडवडिलांपासूनचा होता. आधी मान बघायचा. मान सारखा असेल तर वय. वयही सारखं असेल तर दुखणं. या नियमाचा गावाला कोण अभिमान! "आम्ही तिन्ही बघतो हो," असं कारभारी मिशीवर हात फिरवत पाहुण्यांना सांगायचे.

त्या गावात गोजरी नावाची एक मुलगी होती. एका अमावस्येला ती पहाटेच मातीचं बोळकं घेऊन आली आणि तिनं ते सगळ्यांत पुढे ठेवलं. तिची थोरली बहीण नुकतीच बाळंत झाली होती. ती तापानं फणफणली होती आणि कालपासून स्वतःच्या बाळालाही ओळखत नव्हती.

कारभाऱ्यांनी बोळकं उचललं आणि रांगेच्या पार टोकाला नेऊन ठेवलं.

"आबा, ताई मरेल हो माझी!"

"मग आम्ही काय दुखणं बघत नाही? नियमात आहे ते. तुझी पाळी आली की बघू."

पहिला तांब्या इनामदारांचा होता. त्यांना हल्ली चार लाडवांवर पाचवा जात नव्हता, आणि हे दुःख ते वैद्याला अगदी पहिल्या लाडवापासून सांगत होते. त्यांच्या मागे सावकार. त्यांचे केस गळत होते. त्यांच्या मागच्याला घोरणं थांबवायचं होतं, तेही स्वतःचं नव्हे, बायकोचं! दुपार टळली, उन्हं उतरू लागली, तरी इनामदारांचा लाडू काही संपेना.

गोजरीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती तरातरा पुढे आली आणि तिनं सावकारांचा तांब्या उचलून इनामदारांच्या तांब्याला खेटून ठेवला.

"हे काय चालवलंयस?" कारभारी ओरडले.

"दोघांचा मान सारखा धरला. आता वय बघा."

इनामदार ताडकन उठले. "माझा मान याच्याएवढा? पोरी, जीभ आवर!"

"माझा तरी यांच्याएवढा कशाला असेल?" सावकार उसळले. "माझ्या आज्यानं या देवळावर कळस चढवला, तेव्हा यांचे आजोबा खाली उभे राहून तोंड वासून बघत होते!"

झालं! दोघांची जुंपली.

"बघा!" गोजरी म्हणाली. "तुमच्यातल्या दोघांचा मान कधी सारखा होणारच नाही. मग वय कधी बघणार? आणि दुखणं? दुखण्याला तिसरी जागा देऊन तुम्ही ते पुरून टाकलंत, आणि वर सांगत सुटता, आम्ही तिन्ही बघतो! ज्यांना मानच नाही, त्या आम्हा शेवटच्यांत तेवढं ते बघायची वेळ येते. तोवर वैद्यबुवा घाट उतरलेले असतात."

"मोठ्यांशी असं बोलतात?"

"मोठे असं वागतात, आबा?"

वैद्यानं पहिल्यांदाच मान वर केली. "कारभारी, दुखणं बघून रांग लावतो, असं तुम्ही मला सांगितलं होतंत."

"लावतोच की," कारभारी पुटपुटले. "म्हणजे… तिसऱ्यांदा."

"पुढच्यांना काही झालेलं नसायचं, म्हणून मला वाटायचं, गाव ठणठणीत आहे," वैद्य म्हणाला. "मागचे मी कधी पाहिलेच नाहीत." त्यानं औषधांची पिशवी खांद्याला लावली. "चल पोरी, घर दाखव."

त्या दिवशी वैद्य घाट उतरला नाही. पहाटे बहिणीचा ताप उतरला आणि तिनं बाळाला जवळ मागितलं.

वैद्यानं जाताना कारभाऱ्यांना बजावलं, "यापुढे रांग ही मुलगी लावेल. नाहीतर मी घाट चढायचा नाही." गोजरीनं तिन्हींतलं काहीच टाकलं नाही. आधी दुखणं, ते सारखं असेल तर वय, आणि तेही सारखं असेल तर खुशाल मान. "तिन्ही तीच तर आहेत," इनामदार कुरकुरले. "मग एवढा आरडाओरडा कशाला केला?"

पुढच्याच अमावस्येला इनामदारांना विंचू चावला. नोकरांनी त्यांना उचलून ओट्यावर आणलं. गोजरीनं त्यांचा तांब्या पहिला ठेवला. इनामदारांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, तरी ते कण्हत कण्हत म्हणाले, "बघितलंत? शेवटी मान तो मान!"

"मान नव्हे, इनामदार," गोजरी म्हणाली. "विंचू."

तात्पर्य एवढंच: जे आपण सगळ्यांत शेवटी विचारात घेतो, ते बहुतेक वेळा आपण विचारातच घेत नसतो. म्हणून 'आम्ही सगळं बघतो' असं कोणी म्हणालं, की आधी काय बघता, ते विचारावं.