मातीचा सुबक पुडा

त्या राज्यात सगळे काही एका बांधावर अवलंबून होते. बांधाच्या एका बाजूला तळे होते आणि दुसऱ्या बाजूला, तळ्याच्या पाण्याहून खाली, बाकीचे सगळे राज्य होते: बिळे, घरटी, भाताची खाचरे आणि पिल्लांची शाळा. म्हणून तिथे एक बांधखाते होते, आणि त्या खात्यात काम मिळणे फार मानाचे समजले जाई.

खात्याचे काम तसे साधे होते. पायथ्याशी काम करणाऱ्याने रोज सकाळी बांधातून जांभळाएवढी माती काढायची आणि वर पाठवायची. खात्याचे साहेब म्हणजे एक रानगवा. ते ती माती पाहत. कोरडी असली तर बांध धड आहे, ओली असली तर बांध आतून झिरपतो आहे. साहेबांना स्वतः पायथ्याशी उतरता येत नसे, कारण त्यांचे वजन बांधाच्या उताराला पेलणारे नव्हते. त्यांना बांधाबद्दल जे काही कळे, ते त्या जांभळाएवढ्या मातीतून.

पण साहेबांसमोर उघडी माती ठेवणे उद्धटपणाचे मानले जाई. ही रीत कोणी सुरू केली ते आता कोणाला आठवत नव्हते. पहिल्या मेजावरची पाणकोंबडी मातीभोवती कापूस गुंडाळी, म्हणजे बातमीचे टोक कोणाला टोचू नये. बातमी जितकी टोकदार, तितका कापूस जास्त. दुसऱ्या मेजावरचा साळिंदर त्यावर सागाची पाने लावी आणि स्वतःच्याच काट्यांनी ती टाचून टाकी. शेवटी साहेबांचा सचिव मोर दोरी बांधून वर एक पीस खोची. जांभळाएवढी माती साहेबांपर्यंत पोचेतो तिचा भोपळा झालेला असे. वर्षातल्या सर्वांत सुबक पुड्याला बक्षीस मिळे. साहेबांच्या शिंगांनी आजवर कोणाला ओरखडाही काढला नव्हता, पण त्या शिंगांबद्दल सगळे हळू आवाजात बोलत.

पायथ्याच्या कामावर महिन्यापूर्वी एक चिचुंद्री लागली होती. तिला डोळ्यांनी जवळजवळ दिसत नसे, मात्र तिच्या मिशांना जमिनीखालची ओल दोन वितींवरून कळे. तिचा आवाज बारीक होता आणि तिच्या अंगाला वास येई, त्यामुळे ती कार्यालयात कमीत कमी बोले. तिची पाच पिल्ले बांधाच्या अगदी खालच्या बिळात राहत. कुठे जायचे झाले की पहिले पिल्लू आईची शेपटी तोंडात धरी, दुसरे पहिल्याची, तिसरे दुसऱ्याची, आणि सगळी एका दोरीसारखी चालत.

त्या दिवशी सण होता. तळे काठोकाठ भरायला हातभर पाणी कमी होते, आणि ते हातभर पाणी वरच्या ओढ्यातून आत सोडायचे होते. ओढ्याच्या लाकडी दाराला दोर बांधून वानरे तयार बसली होती. मैदानात एक खांब रोवला होता. खांबाची सावली आखडून बुंध्याशी आली की दार उघडायचे. सुतारपक्षी पहाटेपासून पोकळ ओंडक्यावर ताल धरून होता आणि शाळेतली पिल्ले त्या तालावर उड्या मारत होती.

चिचुंद्रीने नेहमीप्रमाणे बांधाला मिशा लावल्या आणि ती मागे सरली. पुन्हा लावल्या. मग तिने माती काढली. तिच्या पंज्यांतून थेंब गळले. तशीच ती वर धावत गेली.

“नमस्कार ताई. माती ओली आहे,” ती पाणकोंबडीला म्हणाली.

पाणकोंबडीने शेपटी झटकली आणि इकडेतिकडे पाहिले. “हळू बोल! ओली असं थेट म्हणतात का? आणि तेही सणाच्या दिवशी?”

“पण आहे ना ओली.”

“‘किंचित गारवा जाणवतो’ असं कळवू या. नवीन आहेस, शिकशील. आणि जरा लांब उभी राहा गं बाई, कापसाला वास लागेल.” असे म्हणून तिने रोजच्या चौपट कापूस घेतला.

“गारवा?” साळिंदर पाने टाचता टाचता म्हणाला. “साहेबांना वाटेल आपण तक्रार करतोय. ‘आल्हाददायक गारवा’ म्हणा.”

मोराने पुड्यात पीस खोचले, पुडा लांब धरून पाहिला आणि तो खूश झाला. दालनात जाऊन त्याने खणखणीत आवाजात सांगितले, “साहेब, पायथ्याच्या कर्मचाऱ्यांकडून आल्हाददायक वातावरणात सणाच्या हार्दिक शुभेच्छा!”

चिचुंद्री दाराबाहेर कान लावून उभी होती. पाने सुटल्याचा आवाज तिने ऐकला, आणि मग साहेबांचा जाड, समाधानी आवाज. “वा. कोरडी ठणठणीत आहे. दार वेळेवर उघडा.”

थोड्या वेळाने चिचुंद्रीच्या हातात गुलाबाच्या पाकळीत गुंडाळलेले उत्तर आले: आपल्या तत्परतेची आनंदाने दखल घेतली आहे.

पायथ्याशी तिच्याबरोबर एक खेकडा काम करी. तो रागीट होता, पण कामाला चोख. “काय म्हणाले?” त्याने विचारले.

“कोरडी आहे म्हणाले.”

“कोरडी? माझे पाय बघ! इथं चिखल झालाय आणि कोरडी? कोणीतरी मधे माती बदलली असणार. नाहीतर वरचे सगळे आंधळे आहेत, आंधळे!”

“आंधळी तर मी आहे,” चिचुंद्री म्हणाली.

“मग तू गप्प बस. मी बघतो.” खेकड्याने नांगीत ओल्या मातीचा गोळा उचलला आणि तो तिरका तिरका बांध चढून थेट दालनात घुसला.

“ए ढोल्या!” तो ओरडला. “शिंगं वाढवलीस, अक्कल वाढवायची राहिली! घे, बघ कोरडी आहे का!”

गोळा साहेबांच्या कपाळावर फुटला. क्षणभर सुतारपक्ष्याचा तालही चुकला. साहेबांना कोणी असे बोलल्याचे कोणाच्या आठवणीत नव्हते. त्यांचे कपाळ रागाने इतके तापले की माती तिथल्या तिथे वाळली आणि तिच्या खपल्या खाली पडल्या. मोराने त्या पंखाने झाडून टाकल्या. खेकड्यावर एक पाटी पालथी घालण्यात आली. पाटीखालून तो काहीतरी सांगत होता, पण बाहेर सगळे त्याच्या भाषेबद्दल बोलत होते.

“शी! काय ते तोंड!” पाणकोंबडी म्हणाली.

“मी तर घरीसुद्धा असा शब्द उच्चारत नाही,” साळिंदर म्हणाला.

खांबाची सावली आता दोनच हात उरली होती.

ही हकिगत पायथ्याशी पोचली तेव्हा चिचुंद्री बिळात शिरली. निदान आपली पिल्ले टेकडीवर न्यावीत असे तिने ठरवले. “धरा रे शेपट्या,” ती म्हणाली, आणि पाचही जण दोरीसारखे बाहेर निघाले. चार पावले गेल्यावर तिच्या शेपटीला हिसका बसला. ती जागच्या जागी थांबली. सर्वांत मागच्या पिल्लाचा पाय चिखलात रुतला होता. शेवटच्याने ओढले होते आणि तिला ते त्याच क्षणी कळले होते. मधल्या चौघांनी काहीच केले नव्हते, फक्त शेपटी घट्ट धरून ठेवली होती.

टेकडीच्या वाटेवर ती थोडा वेळ उभी राहिली. मैदानातून शाळेतल्या पिल्लांचा गलका येत होता. मग ती उलटी फिरली.

जिथे पिल्लाचा पाय रुतला होता, तिथे एक अळू उगवले होते. गेल्या आठवड्यात ते नव्हते. तिने त्याचे एक पान तोडले, त्यावर ओली माती ठेवली आणि पानाची कड दातांत धरून ती बांध चढू लागली. मागे पाच पिल्ले. माती हलू नये म्हणून ती मान सरळ ठेवून चालत होती. सावली एक हात. पाणकोंबडीच्या मेजाखालून ती गेली. साळिंदराच्या काट्यांच्या मधून गेली. सावली एक वीत.

“हे काय? पुडा कुठे आहे? आणि पिल्लं? दालनात पिल्लं?” मोर किंचाळला. चिचुंद्रीच्या तोंडात पान होते, त्यामुळे तिला उत्तर देता आले नाही. ती त्याच्या पिसाऱ्याखालून आत शिरली. तिच्यामागून एक, दोन, तीन, चार, पाच पिल्ले त्याच्या पायांमधून गेली आणि मोराला एका पायावर उभे राहावे लागले.

तिने पान साहेबांच्या पुढ्यात जमिनीवर ठेवले.

“नमस्कार साहेब,” ती म्हणाली. आवाज बारीकच होता, पण तो कापला नाही. “माती ओली आहे. बांध झिरपतोय. आम्ही सगळे त्याच्या खाली राहतो. दार उघडू देऊ नका.”

“क्षमा असावी साहेब,” मोर कापसाचा गठ्ठा घेऊन पुढे धावला. “हिला अजून रीत ठाऊक नाही. मी आत्ता लगेच नीट बांधून...”

“थांब,” साहेब म्हणाले.

अळूच्या पानावर मातीतून निथळलेले पाणी एका जागी जमले होते. टपोरा, गोल थेंब, आणि त्यात दाराबाहेरचा सगळा सण उलटा दिसत होता. साहेब वाकले. त्यांच्या श्वासाने थेंब पानावर घरंगळला आणि त्यांच्या नाकपुडीला येऊन टेकला. तो थंडगार होता.

पुढचे हंबरणे त्या राज्यात पुष्कळ दिवस आठवले जाई. वानरांच्या हातांतला दोर ताणलेला होता, तो सुटला, आणि अर्धा इंच उचललेले दार धाडकन खाली बसले. सुतारपक्ष्याने ताल बदलला. सणाला जमलेले सगळे बांधाकडे धावले.

“पाटी उचला!” साहेब म्हणाले. “भोक कुठे आहे ते त्यालाच माहीत असेल.”

खेकडा बाहेर आला. साहेबांनी त्याला एकच गोष्ट विचारली. “तू मारलीस तीही माती ओली होती?”

“होती साहेब.”

“मला नुसती लागली,” साहेब म्हणाले.

खेकडा जरा घुटमळला. “ते ढोल्या म्हणालो, ते...”

“ते नंतर. आधी भोक दाखव.”

मग कामाला सुरुवात झाली. पायथ्यापासून तळ्याच्या काठापर्यंत सगळे एका रांगेत उभे राहिले, आणि खालून आलेला शब्द जसाच्या तसा वर जाऊ लागला. “दगड!” “दगड!” “दगड!” साहेबांनी काठावरचे दगड शिंगांनी लोटले. ती शिंगे कशासाठी असतात ते त्या दिवशी पहिल्यांदा दिसले. “चिकणमाती!” “चिकणमाती!” “अहो साळिंदरराव, काटे द्या इकडे, चटई ठोकायचीय!” “घ्या, घ्या, हवे तेवढे घ्या!” “मोरसाहेब, पिसारा मिटा की, वाट अडतेय!” आणि मोराने खरोखरच पिसारा मिटला. चिचुंद्री बांधाला मिशा लावून बसली होती. “अजून,” ती म्हणे, आणि तेवढा बारीक शब्द शंभर तोंडांतून जाऊन काठावर तितकाच पोचे. “अजून.” “अजून.” कोणाला राग आला नाही. पाणकोंबडी तर चिखलात मानेपर्यंत बुडाली होती आणि हसत होती.

दुपार कलली तेव्हा चिचुंद्रीने मिशा बांधावरून फिरवल्या, एकदा, दोनदा, आणि ती म्हणाली, “कोरडं.”

“कोरडं!” रांग ओरडली. “कोरडं! कोरडं!” शाळेतली पिल्ले पुन्हा उड्या मारू लागली. सणाचे जेवण सगळ्यांनी चिखलाच्या हातांनीच वाढून घेतले.

जेवण झाल्यावर साहेबांनी सकाळचा पुडा मागवला. मोराने तो आणून ठेवला. पाणकोंबडी आणि साळिंदर जवळ येऊन उभे राहिले. खेकडाही आला, कारण माती कोणी बदलली हे त्याला अजून समजून घ्यायचे होते. साहेबांनी पीस बाजूला ठेवले. दोरी बाजूला ठेवली. सागाची पाने एकावर एक रचली. मातीचा कोरडा भुगा त्यांनी पुन्हा पाहिला आणि तोही बाजूला सारला. मागे उरला कापूस. तो उचलताना ते जरा थांबले, कारण कापूस असायला हवा त्याहून जड होता.

त्यांनी तो दोन खुरांच्या मध्ये धरला आणि दाबला.

चिचुंद्रीने पटकन अळूचे पान खाली सरकवले. एक थेंब पडला. मग दुसरा. मग धार लागली. पान भरून वाहू लागले, पाणी जमिनीवरून पाणकोंबडीच्या, साळिंदराच्या, मोराच्या पायांपर्यंत गेले, आणि कोणीही पाय मागे घेतला नाही. साहेब दाबत होते आणि कापसातून पाणी येतच होते.