अक्वेरोचा वाटा

फार वर्षं झाली या गोष्टीला. आफ्रिकेतल्या एका मोठ्या नदीच्या काठांवर दोन गावं होती. अलीकडचं पाचिबा आणि पलीकडचं ओलेरा. दोघांची बोली एक, देव एक, सोयरीकसुद्धा होत असे. तरी त्यांच्यात लढाई पेटली, आणि ती इतकी लांबली की कशावरून पेटली हे लढणारेही विसरून गेले. कोणी म्हणतं कुरणावरून, कोणी म्हणतं एका बैलावरून.

पाचिबात अक्वेरो नावाची कुंभारीण राहायची. त्या मुलखात मडकी घडवणं हे बायकांचं काम. चाक नाही, काही नाही. मातीच्या वळ्या एकावर एक रचायच्या आणि हातानेच आकार द्यायचा. अक्वेरोचं मडकं ठणठणीत असायचं. लढाईच्या आधी ती आपली मडकी होडीत घालून पलीकडेही न्यायची. त्यामुळे दोन्ही काठांवर असं घर नव्हतं, जिथे तिच्या हातचं मडकं नाही.

तिचा नवरा लढाईच्या पहिल्याच वर्षी मेला. मग एके दिवशी पलीकडची टोळी आली आणि तिची थोरली मुलगी आचिरो हिला भर शेतातून ओढून घेऊन गेली. आचिरो परत आली नाही. धाकटी लामारो तेवढी उरली.

पुरुष रानात लढत होते आणि गाव बायकांवर होतं. नांगरट त्यांनी केली, पेरणी त्यांनी केली, मेलेल्यांना मातीही त्यांनीच दिली. टोळी येताना दिसली की अक्वेरो गावातली लेकरं गोळा करायची आणि आपल्या धान्याच्या रांजणात उतरवायची. असं म्हणतात, तो रांजण बाहेरून रांजणाएवढाच दिसायचा, पण आत सगळ्या गावची लेकरं मावायची. टोळीवाले भाल्याच्या टोकाने त्यावर टकटक करायचे. आतून जोंधळ्याची सळसळ ऐकू यायची, आणि ते निघून जायचे.

शेवटी लढाई संपली. कोणी जिंकलं नाही. लढायला माणसं पुरेनात म्हणून संपली. पुरुष घरी आले. शेतं पिकलेली होती, लेकरं जिवंत होती. हे कोणी केलं असं एकानेही विचारलं नाही. आल्या आल्या त्यांनी जेवायला मागितलं.

मग दोन्ही गावांचे पुरुष पाचिबाच्या मोठ्या चिंचेखाली तह करायला बसले. बायकांना सांगितलं, तुम्ही तिकडे चुली पेटवा, इकडे येऊ नका.

बैठक उठली तेव्हा ओपिरा अक्वेरोच्या अंगणात आला. ओपिरा म्हणजे तिचा थोरला दीर आणि गावचा प्रमुख. त्याने तिला सांगितलं, तहाचं मडकं घडव. त्या मुलखाची रीत अशी की वैर मिटवायचं तर कडू मुळ्यांचा रस एका मडक्यात ओतायचा आणि दोन्हीकडच्यांनी गुडघे टेकून तो प्यायचा.

अक्वेरोने विचारलं, तह काय ठरला? ओपिराने सांगून टाकलं. मेलेल्या पुरुषांची भरपाई पूर्वी गुरं देऊन करत. गुरं तर लढाईत खाऊन संपली. तेव्हा आता दोन्ही गावांनी एकमेकांना मुली द्यायच्या, एका मेलेल्या पुरुषामागे एक मुलगी. लामारो ओडोंगच्या घरी जाईल, कारण ओडोंगचा भाऊ पाचिबाच्या भाल्याने मेला होता. आणि लामारो गेल्यावर अक्वेरो एकटी काय करणार, म्हणून तिचं शेत ओपिराच्या मुलाला मिळेल.

ओडोंग हे नाव अक्वेरोला नवं नव्हतं. आचिरोला ओढून नेणाऱ्या टोळीचा तो म्होरक्या होता.

"आणि आचिरोचं काय ठरलं?" तिने विचारलं.

ओपिराला प्रश्नच कळला नाही. "तिचं काय ठरवायचं? ते लढाईत झालं, लढाईबरोबर गेलं."

"म्हणजे ओडोंगच्या मेलेल्या भावाची किंमत माझी एक मुलगी. आणि माझ्या दुसऱ्या मुलीची किंमत काहीच नाही."

"लामारोच्या आई, मडकं वेळेवर दे," एवढं बोलून ओपिरा उठला.

अक्वेरो नदीवर गेली. तिने काळी माती काढली आणि तुडवायला घेतली. मातीचा चिखल झाला, चिखलाचं लोणी झालं, तरी ती तुडवतच राहिली. असं म्हणतात, तिच्या रागाने माती अशी तापली की मडकं भट्टीत घालावंच लागलं नाही. ते तिच्या दोन हातांत भाजून निघालं. मग ते डोक्यावर घेऊन ती चिंचेपाशी गेली, मधोमध ठेवलं आणि मागे सरून उभी राहिली.

तहाचा दिवस होता. दोन्ही गावचे पुरुष समोरासमोर बसले होते. ओपिराने रस ओतला. ओडोंग प्यायला वाकला, तर मडकं कोरडं. पुन्हा ओतला, पुन्हा कोरडं. मडक्याला चीर नाही, खालची जमीन ओली नाही, आणि रस कुठे गेला ते कळेना. ओलेराच्या लोकांना वाटलं आपल्याला फसवतायत. हात भाल्यांकडे गेले. ओपिराने घाईने दुसरं मडकं मागवलं. तेही तसंच, आणि तिसरंही तसंच. सगळी मडकी अक्वेरोच्याच हातची होती.

त्या दिवसापासून नदीच्या दोन्ही काठांवर असं झालं की बाईच्या हातात मडकं भरलेलं असायचं, आणि पुरुषाने हात लावला की रिकामं. पाणी नाही, पेज नाही, जोंधळ्याची दारू नाही. लेकरांना आणि आजाऱ्यांना बायका भरवायच्या. धडधाकट पुरुषांनी मागितलं तर त्या मडकं पुढे करायच्या आणि म्हणायच्या, घ्या की. ज्यांनी जन्मात कधी पाणी भरलं नव्हतं ते नदीवर जाऊन ढोरांसारखे वाकून पिऊ लागले. पोटाला तर काहीच नव्हतं.

काहींनी ओरड केली की ही चेटकीण आहे, हिला हाकलून द्या. काठ्या घेऊन ते अक्वेरोच्या अंगणात गेले. पाहतात तर अंगण बायकांनी भरलेलं. पाचिबाच्या होत्या, आणि होड्या करून आलेल्या ओलेराच्याही होत्या. कारण तिकडच्या मुलीही इकडे दिल्या जाणार होत्या, आणि तिकडच्याही मुली इकडच्या पुरुषांनी ओढून आणल्या होत्या. एकही बाई उठली नाही. एकीनेही वाट दिली नाही. काठ्या घेऊन आलेल्यांची आई त्यांतच होती, बायको त्यांतच होती. ते उभे राहिले, मग काठ्या टाकून परत गेले.

मग ओपिरा आला. पोट खपाटीला गेलं होतं, आवाज बसला होता. त्याने विचारलं, "काय हवंय तुला?"

"मला द्यायला तुमच्याकडे काय आहे?" अक्वेरो म्हणाली. "चिंचेखाली बसा. तोंड बंद ठेवा. आणि ऐका."

पुरुष बसले. बायका एकेक करून उठल्या आणि बोलल्या. कोणी काय केलं, कुठल्या शेतात केलं, कोण पहारा देत उभा होता, हे नावं घेऊन सांगितलं. नावाचा माणूस समोरच बसलेला असायचा. ओलेराच्या बाईने पाचिबाच्या पुरुषाचं नाव घेतलं, पाचिबाच्या बाईने ओलेराच्या. कोणी मध्ये बोलायला गेला की त्याचा घसा असा कोरडा पडायचा की शब्द फुटत नसे, असं म्हणतात. सूर्य मावळायचा, उगवायचा, आणि बायकांचं बोलणं चालूच असायचं.

सगळ्यांच्या शेवटी अक्वेरो ओडोंगसमोर जाऊन उभी राहिली. "माझी आचिरो कुठे आहे?"

ओडोंगने मान वर केली नाही. तो म्हणाला, ती वाटेतच पळाली होती, लव्हाळ्याच्या दलदलीत शिरली. आम्ही भाले फेकले. ती तिथेच राहिली. आणि वर म्हणाला, "लढाईत असं होतं."

"लढाई पावसासारखी वरून पडत नाही, ओडोंग," अक्वेरो म्हणाली. "भाला तू फेकलास. म्हण, मी फेकला."

"मी फेकला," ओडोंग म्हणाला.

तेव्हा कुठे तह बदलला. कुठलीही मुलगी कोणाच्या मरणाची भरपाई म्हणून दिली जाणार नाही. जिने शेत कसलं, शेत तिचं. जी मुलगी ओढून नेली होती आणि जिवंत आहे, तिने कुठे राहायचं ते तिने ठरवायचं. चिंचेखाली बायका बसतील, चुलीपाशी नाही. ओपिराने हे सगळं आपल्या तोंडाने दोन्ही गावांसमोर म्हटलं. मग रस ओतला आणि मडकं काठोकाठ भरलं.

दोन्ही गावं प्याली. आधी बायका, मग पुरुष. शेवटचा वाटा उरला तो अक्वेरोचा. ओपिराने मडकं दोन्ही हातांनी तिच्यापुढे धरलं.

ती म्हणाली, "तुम्ही वैर केलंत, तुम्ही ते मिटवलंत. तोंड कडू झालं, धुतलंत की जाईल. माझा राग पिऊन संपणारा नाही. मी पिणार नाही."

लामारो रडायला लागली. अक्वेरोने तिला जवळ घेतलं, तिच्या कानात काही सांगितलं, आणि तिच्या हातात शेताची कुदळ दिली. मग एक लहान मडकं काखेत धरून ती दलदलीच्या वाटेने चालू लागली. आचिरोची हाडं गोळा करायला. कोणी तिच्यामागे जायचं धाडस केलं नाही. ती परत आली नाही. असं म्हणतात, ती ज्या वाटेने गेली तिथलं लव्हाळं जळून गेलं आणि तिथली माती अजूनही हाताला गरम लागते. दोन्ही गावच्या मुली मडकी घडवायला तीच माती आणतात.

आणि आजही त्या नदीकाठी कुठलाही तंटा मिटवायचा असला, मग तो शेताचा असो की रक्ताचा, तर मडकं आधी रिकामंच मध्ये ठेवतात. बायका बोलून होईपर्यंत त्यात थेंब ओतत नाहीत. सगळे पिऊन झाले की तळाशी एक वाटा राखतात. तो कोणी पीत नाही आणि ओतूनही देत नाही. नवखा कोणी विचारतो, हा कोणाचा? तेव्हा तिथली सगळ्यात म्हातारी बाई सांगते, हा अक्वेरोचा. तिने अजून माफ केलेलं नाही.