बुडंना झालेली सोन्याची वाटी

एका राज्यात पानी मापून वाटायची रीत व्हती. डोंगरात एक डोह, डोहातनं निघालेला एकच पाट, आन पाटाच्या दोन्ही अंगांना लोकांची रानं. पाटाच्या तोंडाला राजाची बाग, मधी सारं गाव, आन पार शेवटाला चिमाबाई नावाच्या एकल्या म्हातारीचं वावर.

पाळी कशी मोजायची? पान्यानं भरलेलं एक घंगाळ, त्यात तरंगती तांब्याची वाटी, वाटीच्या बुडाला सुईएवढं भोक. वाटी भरून बुडाली की एकाची पाळी सरली. मंग पाटकरी वरडायचा, "बुडाली ऽ!" आन खोऱ्यानं एकाचं दारं, म्हंजी पाटातनं वावरात पानी शिरायची वाट, बुजवून दुसऱ्याच्या वावरात पानी लावायचा. दिस मावळला की पाट आसरांचा, म्हंजी डोहात ऱ्हानाऱ्या सात बहिनींचा. मावळल्यावर मानसानं पान्याला हात लावायचा न्हाई. चिमाबाईची पाळी सगळ्यांच्या मागनं, मावळतीला टेकून.

पाटकरी व्हता हैबती. अंगानं दांडगा, कामाला खरा, पन डोकं सदा तापल्या तव्यावानी.

एक दिस राजाच्या पानबुड्यांनी डोहाचा तळ चाचपला आन सोन्याची वाटी वर काढली. राजानं ती हैबतीच्या हातात दिली.

"आमच्या पाळीला ही वाटी लाव."

हैबतीनं वाटी उन्हात धरली. भोक असं बारीक, की मुंगीची मिशी अडकावी. तांब्याच्या दोन वाट्या बुडतील तवा ही एक बुडायची. त्याला कळलं. कळूनबी तो म्हनला, "जी महाराज."

गाव काय आंधळं व्हतं? बागेच्या शेजारचा गेनू म्हनला, "राजाला सोन्याची, आन मी काय शेळी राखतो व्हय? मलाबी तीच लाव." गेनूला लावली म्हनून त्याच्या शेजाऱ्याला लावली, शेजाऱ्याला लावली म्हनून साऱ्या गावाला लावली. समद्यांची पाळी लांबली. दिस काय लांबला न्हाई. पाट चिमाबाईच्या बांधाला लागायचा आन दिस डोंगराआड जायचा. तिचा भुईमूग पान मुडपून बसला, मंग पिवळा पडला, मंग मातीत मिळाला.

चिमाबाई घंगाळापाशी आली.

"हैबती, माझं पानी कुठं जातंय रं?"

हैबतीला कारन ठावं व्हतं, म्हनूनच त्याचं डोकं फिरलं. "मला काय इचारतीस? त्या दिसाला जाऊन इचार! तो लवकर मावळतुया, त्याला मी काय करू?"

लोक फिदीफिदी हसले. चिमाबाई हसली न्हाई, रडलीबी न्हाई. तिनं वाटीकडं बघितलं.

"लई आवडलीया न्हवं तुमाला? मंग बुडूच नगं म्हनावं."

येवढंच बोलली आन पाटाच्या कडंनं डोंगराकडं चालू लागली.

वाटी बुडंना. दिस कलला तो तसाच कललेला ऱ्हायला. झाडांच्या सावल्या जिथं पडल्या तिथंच पडून ऱ्हायल्या, पाटातलं पानी काचंवानी थबकलं. वाऱ्यानं उडालेलं एक पान हवेत अडकलं ते खाली येईना. उन्हाला मधाचा रंग आला, आन त्या मधात सारं राज्य माशीवानी रुतून बसलं. लोकांना आधी गोड वाटलं. काम न्हाई, धाम न्हाई, सावलीला लोळावं. पन दूध इरजायचं न्हाई, कनीस भरायचं न्हाई, डोळ्याला डोळा लागायचा न्हाई.

आन हैबतीच्या घरात त्याची बायको भिवरा आडवी व्हती. वाटी पान्यावर ठेवली तवाच तिला कळा लागल्या. कळ यायची, चढायची, उतरायची, पुन्हा यायची. मूल काय येईना. दिसच फुडं सरकंना, तर मूल कसं सरकावं?

"काय तरी करा वो," भिवरा म्हनली. "आता सोसंना."

हैबतीनं घंगाळाला लाथ मारली. घंगाळ हाललं न्हाई. पाय तेवढा सुजला.

तवा बांधावरची टिटवी बोलली. त्या राज्यात टिटव्या बोलत, पन गरजंपुरतंच.

"दांडग्या, वाटी आसरांची हाय. लाथंला भीत न्हाई. तीन बोल पायजेत, खरे. खरा बोल तोंडातनं निघाला की त्याचा खडा हुईल. ते खडं वाटीत टाक."

"कुनाचे तीन?"

"पयला घेनाऱ्यांचा. दुसरा घ्यायची वाट दावनाऱ्याचा. तिसरा कुनाचा, ते चिमाबाईला इचार."

हैबती गावात गेला आन वरडला, "बोला रं चोरांनो! म्हातारीचं पानी कुनी खाल्लं?"

"मी न्हाई," गेनू म्हनला. त्याच्या तोंडातनं खडा न्हाई, कापसाची उडती म्हातारी निघाली आन वाऱ्यावर गेली. "मी न्हाई," "मी तर न्हाईच." म्हाताऱ्याच म्हाताऱ्या. गावावर निस्ता कापूस उडाय लागला.

"वरडून खडा पडत न्हाई," टिटवी म्हनली.

हैबती दात-ओठ खाऊन गप बसला. जलमात पयल्यांदा गप बसला. लोकांना ते वरडन्यापरीस जड गेलं. गेनू खालमानेनं जवळ आला.

"मी घेतलं. दोन पाळ्यांपासनं तर माझं वावर तुडुंब भरलं व्हतं, वरचं पानी वढ्याला चाललं व्हतं. तरीबी घेतलं."

ठप्प करून खडा पडला. मंग दुसऱ्याचा, मंग साऱ्यांचा. हैबतीनं खडं वाटीत टाकलं. वाटी एक बोट खाली गेली आन थांबली.

मंग तो राजवाड्यात गेला. राजा ताटावर बसला व्हता. घास तोंडात, चावून चावून जबडा दुखतुया, पन घास गिळला जाईना.

"महाराज, एक खरा बोल द्या."

राजा घोगऱ्या आवाजात म्हनला, "त्या वाटीचं भोक बारीक आहे, हे आम्हास ठाऊक नव्हतं."

कापूस उडाला आन नेमका राजाच्या मिशीत अडकला.

शेजारी रानी बसली व्हती. ती म्हनली, "राजे, कवाधरनं एकच घास चघळताय. आता खरं बोला, म्हंजी मलाबी उठता येईल."

राजानं मिशी झाडली.

"ठाऊक होतं. बाग हिरवी दिसावी म्हणून केलं. सांग गावाला, आजपासून पाळी शेवटाकडून सुरू. आमची सगळ्यात मागं."

टन्नकन ताटात खडा पडला, आवळ्याएवढा. राजाचा घास खाली उतरला. हैबतीनं खडा वाटीत टाकला. वाटी काठापतुर गेली, पन बुडाली न्हाई.

घरातनं भिवराचा आवाज आला. आता तो कन्हन्यापुरताच उरला व्हता. हैबती डोंगराकडं पळत सुटला.

डोहाच्या काठी चिमाबाई बसली व्हती. सात बहिनी कमरंइतक्या पान्यात उभ्या. एकीनं तिच्या केसाला तेल लावलं, दुसरी फनी फिरवत व्हती, तिसरी तिच्या भेगाळल्या टाचा धूत व्हती. डोहाच्या पान्यात चिमाबाईचं रूप सोळा वर्षांचं दिसत व्हतं.

"चिमाबाई, तुझा बोल मागं घे."

"माझा कशाला? मी कुनाचं काय घेतलं?"

हैबतीचं डोकं भडकलं. "तिकडं माझी बायको मरतीया, आन तू हितं येनी घालून घेतीस!"

"माझं वावर मेलं तवा तू काय करत व्हतास?"

सातीजनींनी एकदम मान वळवून त्याच्याकडं बघितलं. हैबतीच्या तोंडाशी शिवी आली व्हती. ती गिळली तशी तिच्यामागं लपलेली गोष्ट वर आली.

"तिसरा बोल कुनाचा?" त्यानं हळू इचारलं.

"वाटी पान्यावर कोन ठेवत व्हतं?"

हैबतीनं डोईचा पटका उतरून हातात घेतला.

"मी ठेवली. राजानं दिली तवाच भोक बघितलं व्हतं. मी राजाला भ्यालो. मंग गावाला भ्यालो. तू एकली, तुला भ्यायचं कारन न्हवतं, म्हनून तुझं गेलं. तू इचारायला आलीस तवा मलाच माझी लाज वाटली, आन ती लाज मी तुझ्या अंगावर वरडलो."

खडा पडला. नारळाएवढा, आन चुलीतनं काढल्यावानी तापलेला.

"उचल," चिमाबाई म्हनली. "माफ केलं असं मी म्हननार न्हाई. भुईमूग काय परत येत न्हाई. पन उचल."

हैबतीनं खडा पटक्यात धरला. पटका जळाला, तळहात भाजले, पन हात सोडला न्हाई. चिमाबाई मागनं चालत आली. घंगाळापाशी येऊन त्यानं खडा वाटीत ठेवला.

वाटी बुडाली. नुसती बुडाली न्हाई, घंगाळाला चीरबी न पाडता तळातनं, मातीतनं, खडकातनं खाली गेली आन आसरांच्या डोहात जाऊन पडली. हवेत अडकलेलं पान भुईवर आलं. सावल्या सरकल्या. पाट खळाळला.

दिस डोंगराला टेकायला एकच पाळी उरली व्हती. भिवराची किंकाळी साऱ्या गावानं ऐकली.

"हैबती, घरला पळ," गेनू म्हनला. "बायका हायत तिच्यापाशी, पन तू जा."

हैबतीचा पाय घराकडं वळला. मंग त्यानं खोरं उचललं.

"तांब्याची वाटी ठेव," तो गेनूला म्हनला. "आन बुडंल तवाच वरड. आधी वरडलास तर टकुरं फोडीन."

आन तो घराकडं पाठ करून पाटाच्या कडंनं पळाला, राजाचं दारं बुजवत, गावाची दारं बुजवत, पार शेवटापतुर. चिमाबाईच्या बांधाला पानी लागलं. तडकलेल्या मातीत ते शिरलं तशी माती उसासली. एक वाफा भिजला, दुसरा भिजला. हैबती भाजल्या हातांनी दारं धरत व्हता आन कान गावाकडं लावून व्हता.

तिसऱ्या वाफ्याला लांबनं रडं ऐकू आलं. बारीक, चिरकं, नवं कोरं.

चिमाबाई बांधावर उभी व्हती. "ऐकलंस का? जा आता. खोरं दे हिकडं."

"पाळी सरली न्हाई अजून."

"मला काय दारं धरता येत न्हाई व्हय, मुडद्या?"

"येतं," हैबती म्हनला. त्याच्या डोळ्यातनं पानी चाललं व्हतं, ते त्यानं पुसलं न्हाई. "पन ही पाळी माझ्या हातनं पुरी हुंदे."

तिनं पदर खोचला, खाली उतरली, आन त्याच्यासंगं चिखलात उभी ऱ्हायली. दोघांनी मिळून शेवटचा वाफा भिजवला. मंग लांबनं गेनूचा आवाज आला, "बुडाली ऽ!" आन त्याच्यामागनं दिस मावळला.

जसं पानी पाटाच्या शेवटापतुर पोचलं, तशी ही गोष्ट ऐकनाऱ्यातल्या शेवटच्यापतुर पोचू दे.